राजकीय विचारांवर प्रायोगिक शॉर्ट फिल्म करायची आहे? मग आधी एक नियम ठरवा

माझी पहिली फिल्म बावीस मिनिटांची होती. तिच्यात चार विचारवंतांची अवतरणं होती, उड्डाणपुलाखाली झोपलेली माणसं स्लो मोशनमध्ये होती आणि वरून माझाच घोगरा आवाज होता. घरच्या हॉलमध्ये दाखवली तेव्हा आत्या शेवटपर्यंत बसली. चहा ठेवायला उठता उठता म्हणाली, "छान आहे गं, पण अग्रलेख ऐकल्यासारखं वाटलं." राग आला, पण तिचं खरं होतं. त्या फिल्ममधली चित्रं काढून टाकली असती तरी काही बिघडलं नसतं.

त्याच विषयावर दुसरी फिल्म केली, ती सात मिनिटं चाळीस सेकंदांची. त्या वेळी जे शिकले ते इथे क्रमाने मांडते. तुमच्याकडे फोन आहे, थोडेफार पैसे आहेत आणि समाजाबद्दल काहीतरी डाचतंय, असं गृहीत धरलंय. फिल्म स्कूलला गेला असाल तर पायऱ्या ५ आणि ६ सोडून द्या.

१. विचारवंत निवडू नका, एक वाक्य निवडा

"मला भांडवलशाहीवर फिल्म करायची आहे" म्हणणाऱ्याची फिल्म होत नाही. तो सहा महिने वाचत बसतो आणि मग नोकरी बदलतो. हे मी आरशात बघून लिहिते आहे.

एकच वाक्य घ्या, जे तुम्ही आजीला दोन मिनिटांत समजावू शकाल, तेही कुणाचं नाव न घेता. मला ते 'मूकनायक'मध्ये मिळालं. ३१ जानेवारी १९२० च्या पहिल्याच अंकात डॉ. आंबेडकरांनी हिंदू समाजाला मनोऱ्याची उपमा दिली आहे. एकेक जात म्हणजे त्या मनोऱ्याचा एकेक मजला, आणि मनोऱ्याला शिडीच नाही. ज्या मजल्यावर जन्म, त्याच मजल्यावर मरण.

हे वाचलं तेव्हा मी चौदा मजली इमारतीत राहत होते. आमच्या मनोऱ्याला शिडी होती, शिवाय दोन लिफ्ट होत्या. एका लिफ्टशेजारी लॅमिनेट केलेला कागद चिकटवला होता: "घरकाम करणाऱ्या व डिलिव्हरीच्या व्यक्तींनी कृपया सर्व्हिस लिफ्टचा वापर करावा." त्यातला तो 'कृपया' मला आठवडाभर सोडेना.

वाक्य आणि जागा एकमेकांना अशी भेटली की समजा विषय मिळाला. जागा सापडत नसेल तर वाक्य बदला, कारण त्या वाक्याची जागा अजून आपण बघितलेलीच नसते.

२. वाक्याचा नियम करा

या लेखातली महत्त्वाची पायरी हीच, त्यामुळे इथे जरा थांबते.

प्रायोगिक म्हणजे धूसर, तिरकं, न कळणारं असा समज आहे. माझ्यापुरता अर्थ सोपा आहे: कॅमेऱ्यावर एक बंधन घालायचं आणि ते शेवटपर्यंत पाळायचं. बंधन असं हवं की त्यातूनच विचार दिसावा, वेगळा सांगावा लागू नये.

हे काही परदेशातून आलेलं फॅड नाही. दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र'च्या आधी भांडवल मिळवण्यासाठी एक छोटी फिल्म केली होती, वाटाण्याचा अंकुर वाढतानाची. कॅमेरा कुंडीसमोर ठेवायचा आणि ठरावीक अंतराने एकेक चौकट टिपायची, एवढाच नियम. फ्रेंच दिग्दर्शक क्रिस मार्करची १९६२ ची 'ला जेते' अठ्ठावीस मिनिटांची आहे आणि एक छोटा क्षण सोडला तर ती सगळी स्थिर छायाचित्रांची आहे. जर्मन दिग्दर्शक हारून फारोकीने १९६९ मध्ये नापाम या आगलाव्या बॉम्बवर फिल्म केली. भाजलेल्या माणसांची चित्रं दाखवली तर प्रेक्षक डोळे मिटून घेईल, हे त्याने ओळखलं आणि कॅमेऱ्यासमोर स्वतःच्या हातावर जळती सिगारेट विझवली. सिगारेटचं तापमान किती आणि नापामचं किती, हे शांतपणे सांगितलं जातं. तिन्हींमध्ये खर्च नगण्य, नियम कडक.

माझे नियम असे होते:

- कॅमेरा तळमजल्यावर, दोन्ही लिफ्टच्या मधोमध, जमिनीपासून दोन फुटांवर.
- कॅमेरा कधीही लिफ्टमध्ये शिरणार नाही.
- दार बंद होईल तेव्हाच कट.
- निवेदन नाही.

दुसऱ्या नियमाने मला सर्वांत छळलं. वर काय चाललंय ते दाखवायची इतकी खुमखुमी होती! पण कॅमेरा खालीच राहिल्यामुळे प्रेक्षकाच्या नशिबी फक्त वाट बघणं आलं, आणि वाट कोण किती बघतं हीच तर फिल्म होती.

तुमचा विषय वेगळा असेल. समजा गिरणगाव आहे. १८ जानेवारी १९८२ ला सुरू झालेल्या संपात सुमारे अडीच लाख कामगार होते. पुढे गिरण्यांच्या जमिनींवर मॉल आणि टॉवर आले, काही ठिकाणी चिमणी तेवढी उरली. नियम असा होऊ शकेल: प्रत्येक शॉट चिमणीच्या टोकापासून सुरू करायचा आणि कॅमेरा हळूहळू खाली आणायचा, खाली जे असेल ते दिसू द्यायचं. दहा शॉट पुरतील. सायरनचा आवाज, म्हाताऱ्या कामगाराची मुलाखत, शाहिराचा डफ यांतलं काहीही घालायचा मोह झाला तर नियमाकडे बोट दाखवा.

सापळा: नियम सुचल्यावर आपण हुशार आहोत असं वाटायला लागतं. चाचणी सोपी आहे. फोनवर तीन मिनिटं नियमाप्रमाणे चित्रित करा आणि विषयाशी घेणंदेणं नसलेल्या माणसाला दाखवा. त्याने "हे कशाबद्दल आहे?" विचारलं तर हरकत नाही. "हे अजून किती आहे?" विचारलं तर नियम बदला.

३. माणसांना विचारा, मग पुन्हा विचारा

आमच्या मजल्यावर चार घरी काम करणाऱ्या मावशींना मी सगळं समजावलं. विचार, मनोरा, कागद, सगळं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि एकच विचारलं, "ताई, माझं तोंड दिसणार का?"

दिसलं तर चार घरांची कामं जातील, हे त्यांना ठाऊक होतं. मला नव्हतं. माझा कॅमेरा तोपर्यंत पाच फुटांवर होता. तो दोन फुटांवर त्या दिवशी आला. मग फ्रेममध्ये उरल्या चपला, पायऱ्यांवर टेकवलेली पिशवी, डिलिव्हरीवाल्याचे ओले बूट, कुत्र्याचे पंजे (कुत्रा मोठ्या, म्हणजे रहिवाशांच्या लिफ्टने जातो). चेहरे नसल्यामुळे कोण कुठल्या लिफ्टने जाणार याचा अंदाज प्रेक्षक चपलांवरून बांधायला लागतो. फिल्ममधला सगळ्यात चांगला निर्णय माझा नव्हता, मावशींचा होता.

लेखी संमतीपत्र मराठीत, एका पानाचं करा. त्यात पाच गोष्टी हव्यात: फिल्म कशावर आहे, चेहरा वा आवाज ओळखता येईल का, कुठे दाखवणार, इंटरनेटवर टाकणार का, आणि फिल्म पूर्ण होईपर्यंत माघार घेता येईल. वाचता येत नसेल तर मोठ्याने वाचून दाखवा आणि त्याचं रेकॉर्डिंग ठेवा. नुसत्या अंगठ्यावर विसंबू नका. लहान मुलं असतील तर पालकांची सही. दिवसभर कुणाला थांबवून घेतलं तर त्या दिवसाची मजुरी द्या. "मी कलाकृती करतेय" हे त्यावरचं उत्तर नव्हे.

४. परवानग्या

खासगी जागेसाठी मालकाचं किंवा सोसायटीच्या व्यवस्थापकीय समितीचं पत्र लागतं, तारीख आणि वेळेसकट. आमच्या सेक्रेटरी काकांनी विचारलं, "कशावर आहे?" मी म्हटलं, "लिफ्टवर." खोटं नव्हतं, पण पुरतं खरंही नव्हतं. तिसऱ्या दिवशी त्यांच्या हाती माझ्या फिल्मचा सारांश लागला आणि परवानगी रद्द झाली. उरलेलं चित्रण मैत्रिणीच्या इमारतीत केलं. तिथे आधीच सगळं खरं सांगितलं, आणि गंमत म्हणजे समितीतल्या दोघांनी स्वतःहून कागदाचा फोटो पाठवला: "आमच्याकडेही आहे बघा." म्हणून माझा सल्ला आहे, निम्मं सत्य सांगू नका. काम अर्ध्यावर थांबण्यापेक्षा सुरुवातीचा नकार स्वस्त पडतो.

सार्वजनिक ठिकाणांसाठी महाराष्ट्र चित्रपट, रंगभूमी आणि सांस्कृतिक विकास महामंडळाची एक खिडकी योजना आहे. रेल्वे आणि मेट्रोच्या आवारात मात्र त्यांची स्वतंत्र परवानगी लागते. "फोनच तर आहे" म्हणून फलाटावर ट्रायपॉड उभा केलात की पाच मिनिटांत शिट्टी ऐकू येते. मला ऐकू आली आहे.

ड्रोनचा विचार असेल तर तो सोडून द्या. २०२१ च्या ड्रोन नियमांनुसार हवाई हद्दीचा नकाशा बघावा लागतो, लोहगाव विमानतळाच्या आसपास तर विचारच नको, आणि मुंबईत पोलिसांचे बंदी आदेश वरचेवर निघतात. शिवाय वरून बघितल्यावर समाज फार सुबक दिसतो.

बैल, कुत्रा, घोडा यांना मुद्दाम वापरून चित्रण करणार असाल तर प्राणी कल्याण मंडळाची पूर्वपरवानगी लागते, आणि सेन्सॉरकडे जाताना ती विचारली जाते.

५. चित्रण

फोन चालतो. पण ऑटोवर सोडू नका. आपल्याकडे वीज ५० हर्ट्झची आहे, त्यामुळे दिवे सेकंदाला शंभर वेळा लुकलुकतात. फोन बहुधा सेकंदाला ३० फ्रेमवर असतो आणि मग ट्यूबलाइटखाली पडद्यावर पट्टे सरकताना दिसतात. २५ फ्रेम आणि १/५० सेकंद शटर ठेवा, पट्टे जातात. त्यासाठी हाताने सेटिंग करता येणारं कॅमेरा ॲप घ्या. ब्लॅकमॅजिकचं फुकट आहे. एक्स्पोजर, फोकस आणि रंगाचं तापमान लॉक करा, नाहीतर दार उघडताच आतल्या प्रकाशाने सगळं चित्र उजळतं-मंदावतं.

फोन एअरप्लेन मोडवर. माझ्या सर्वांत चांगल्या शॉटच्या मधोमध बँकेचा ओटीपी आला.

६. आवाज

चित्र हललं तर लोक त्याला शैली म्हणतात, आवाज फाटला तर उठून जातात. छोटा रेकॉर्डर किंवा दुसरा फोन आवाजाच्या उगमाजवळ ठेवा. प्रत्येक ठिकाणी कुणीही न बोलता एक मिनिट नुसती शांतता रेकॉर्ड करा. संपादनात कट जोडायला तीच कामी येते. आमच्या सर्व्हिस लिफ्टचं दार बंद होताना एक कण्हल्यासारखा आवाज यायचा, तेल न मिळालेल्या झोपाळ्यासारखा. मोठ्या लिफ्टमध्ये मंजुळ बाईचा इंग्रजी आवाज होता. मला पार्श्वसंगीत लागलंच नाही.

सापळा: मागे कुणाच्या फोनवर वाजणारं सिनेमाचं गाणं. दहा सेकंद असलं तरी ऑनलाइन टाकताच कॉपीराइटचा दावा येतो. रिंगटोनसुद्धा.

७. उसनं घेतलेलं: मजकूर, फोटो, फुटेज

इथे ऐकीव माहितीचा सुळसुळाट आहे, म्हणून नीट सांगते.

लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षांनी कॉपीराइट संपून मजकूर सर्वांसाठी खुला होतो, मोजणी पुढच्या वर्षाच्या सुरुवातीपासून. बाबासाहेब १९५६ मध्ये गेले, म्हणजे त्यांच्या हयातीत प्रसिद्ध झालेलं लेखन १ जानेवारी २०१७ पासून खुलं. महात्मा फुले १८९० मध्ये गेले, तिथे प्रश्नच नाही. पण अनुवादाचा हक्क वेगळा असतो! इंग्रजी पुस्तकाचा अलीकडचा मराठी अनुवाद घेतलात तर अनुवादकाची परवानगी हवी. मूळ खुलं असेल तर सरळ स्वतः अनुवाद करा, भाषाही तुमची राहील.

"तीस सेकंदांपर्यंत चालतं" असा कुठलाही नियम भारतीय कायद्यात नाही. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ मध्ये टीका आणि समीक्षेसाठी न्याय्य वापराची मुभा आहे, पण ती न्यायालयात मांडायची बाजू आहे. व्हिडिओ साइटच्या यंत्राला ती कळत नाही. यूट्यूबवर आहे म्हणजे सर्वांचं आहे, असंही नाही. सरकारी माहितीपट करणाऱ्या फिल्म्स डिव्हिजनचा जुना खजिना आता एनएफडीसीकडे, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे आहे. त्यातलं फुटेज हवं असेल तर रीतसर विचारा आणि उत्तराला वेळ लागेल हे धरून चाला.

८. संपादन

डाविंची रिझॉल्व्ह या संपादनाच्या सॉफ्टवेअरची मोफत आवृत्ती पुरते. फोनचं फुटेज आधी हँडब्रेक या सॉफ्टवेअरमधून स्थिर फ्रेमदरात बदलून घ्या, नाहीतर पाचव्या मिनिटाला ओठ आणि आवाज यांची फारकत होते. पडद्यावरची मराठी अक्षरं युनिकोडमध्येच टाका आणि जोडाक्षरं तपासा. काही सॉफ्टवेअरमध्ये 'श्र' आणि 'र्‍य' यांची हाडं मोडतात. मुक्ता किंवा नोटो सान्स देवनागरी हे फॉन्ट फुकट आहेत.

बाकी संपादनाचा सल्ला देण्याएवढी मी मोठी नाही. एवढंच सांगते की बावीस मिनिटांच्या फिल्ममधली सगळी अवतरणं मी एका रात्रीत काढली आणि सकाळी एकही आठवेना.

९. सबटायटल

स्वतः करा, निदान पहिला खर्डा तरी. ‘मावशी’पाशी मी दोन दिवस अडले. इंग्रजीत ‘मेड’ लिहिलं तर नातं गेलं, ‘आँटी’ लिहिलं तर भलतीच बाई उभी राहिली. ज्यांना आपण नात्याने हाक मारतो त्यांच्यासाठी लिफ्ट मात्र वेगळी, ही तर सगळी मेख होती. शेवटी रोमनमध्ये ‘मावशी’च ठेवलं आणि पहिल्या वेळी एक ओळ जोडली. परदेशी प्रेक्षक बरोबर पकडतात.

१०. सेन्सॉर आणि दाखवणं

सार्वजनिक प्रदर्शनासाठी १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याखाली प्रमाणपत्र लागतं. फिल्म सात मिनिटांची आहे म्हणून सूट नाही. ख्वाजा अहमद अब्बास यांनी चार शहरांतल्या श्रीमंती-गरिबीवर सोळा मिनिटांची फिल्म केली, कापाकापीला नकार देऊन ते सर्वोच्च न्यायालयात गेले, आणि १९७० मध्ये न्यायालयाने पूर्वपरीक्षण वैध ठरवलं. आजही पाया तोच आहे. अर्ज ई-सिनेप्रमाण पोर्टलवर होतो. २०२३ च्या दुरुस्तीनंतर यूए गटाचे (मुलांनी पालकांच्या मार्गदर्शनाने बघायच्या फिल्म) ७, १३ आणि १६ वर्षं असे तीन भाग झाले आहेत.

महोत्सवांना माहिती व प्रसारण मंत्रालयाकडून सूट मिळते, ती आयोजक मागतात. २००४ च्या मुंबईच्या माहितीपट महोत्सवासाठी भारतीय फिल्मना प्रमाणपत्राची अट घातली गेली, तेव्हा दिग्दर्शकांनी 'विकल्प' नावाचा समांतर महोत्सवच भरवला होता. म्हणून प्रवेशिका भरताना नियमावली दरवर्षी नव्याने वाचा.

निवडणुकीच्या काळात जपून. मतदान संपण्याआधीच्या ४८ तासांत निवडणुकीशी संबंधित मजकूर पडद्यावर दाखवायला लोकप्रतिनिधित्व कायद्याचं कलम १२६ मनाई करतं. तुमची फिल्म पक्षाबद्दल नसली तरी हॉलवाला घाबरतो. तारीख पुढे ढकला.

कुठे पाठवाल? मुंबईचा मिफ (वर सांगितलेला माहितीपट महोत्सव), तिरुवनंतपुरमचा माहितीपट व लघुपट महोत्सव, प्रायोगिक कामासाठी बंगळुरूचा 'एक्सपेरिमेंटा', बाहेर जर्मनीतलं ओबरहाउझेन, जे १९५४ पासून लघुपटांसाठीच आहे. फिल्म आधीच यूट्यूबवर टाकू नका, अनेक महोत्सव मग घेत नाहीत. पासवर्ड घातलेली लिंक पाठवा.

हाताशी ठेवायची कागदपत्रं आणि फाइली

- संमतीपत्रं, सह्यांसकट, स्कॅन करून
- जागेच्या परवानगीची पत्रं
- उसन्या मजकुराची नोंद: मूळ कुठलं, प्रसिद्धीचं वर्ष, हक्क कुणाचे
- सारांश तीन लांबींत: एक ओळ, पन्नास शब्द, दोनशे शब्द
- तीन स्थिर चित्रं, फिल्ममधलीच
- प्रोरेस मास्टर (पूर्ण दर्जाची मूळ प्रत), एच.२६४ प्रत (लिंकसाठी हलकी), एसआरटी सबटायटल फाइल
- थिएटरच्या प्रोजेक्टरला लागणारी डीसीपी फाइल. डीसीपी-ओ-मॅटिक या सॉफ्टवेअरवर घरी होते, पण एकदा खऱ्या पडद्यावर तपासा
- हे सगळं दोन हार्ड डिस्कवर, दोन वेगळ्या घरांत

महोत्सवाला पाठवण्याआधी फिल्म त्यातल्या माणसांना दाखवा. आणि शेवटच्या तारखेआधी किमान दोन आठवडे मोकळे ठेवा. मी मावशींना त्यांच्या घरी, फोनवरच दाखवली. त्यांच्या सुनेला हसू आवरेना, "आई, हे तर नुसतंच दार आहे!" मावशींनी मात्र पाचव्या मिनिटाला फोन थांबवायला सांगितला. पिशवी उचलताना त्यांचा हात दिसत होता, मनगटावर हिरव्या बांगड्या आणि गोंदलेलं नाव. मी तो शॉट शंभरदा पाहिला असेल, नाव मला दिसलंच नव्हतं. तो काढला, त्या जागी रिकाम्या लिफ्टचे अकरा सेकंद टाकले, सबटायटलच्या सगळ्या वेळा पुन्हा बसवल्या आणि शेवटच्या दिवशी रात्री पावणेबाराला फाइल चढवली.